पडद्यावरची थप्पड खरी असते का?

इंदुरातल्या मराठी घरांच्या ग्रुपवर वर्षानुवर्षं फिरणारा मजकूर: ‘सिनेमातला बाप मुलाला खरीच थप्पड मारतो, म्हणून ती इतकी खरी वाटते.’

तसं वाटणं साहजिक आहे. कधी दोघांच्या संमतीने हात लागतोही. पण बहुतेक वेळा नाही. कॅमेरा एकाच्या पाठीमागे ठेवतात, त्यामुळे हात आणि गाल यांतलं वीतभर अंतर दिसत नाही. बापाचं काम करणाऱ्या चरित्र अभिनेत्याचा हात गालासमोरून जातो, त्याच क्षणी मार खाणारा मान फिरवतो. मान जरा आधी वळली की रिटेक. खरं कसब मार खाणाऱ्याचंच!

‘फाट्’ आवाज नंतर स्टुडिओत भरतात. पडताळायचंय? आवाज बंद करा, व्हिडिओचा वेग ०.२५ ठेवा, मान कधी वळते ते बघा. नाटकात मात्र तो आवाज बहुधा मार खाणाराच, प्रेक्षकांना न दिसेल अशी टाळी वाजवून काढतो.