‘बगदाद कॅफे’ वेगळा, ‘द बँड्स व्हिजिट’ वेगळा

परवा गोदाघाटावर चहा पिताना मैत्रीण सांगत होती, "अगं तो सिनेमा नाही का, वाळवंटात वाट चुकलेले लोक आणि ती खमकी हॉटेलवाली." बोलता बोलता तिने इजिप्तचा बँड थेट अमेरिकेत नेऊन ठेवला. हा घोळ ऐकून ऐकून माझे कान किटलेत.

‘द बँड्स व्हिजिट’ (२००७) तुम्ही पाहिलाच असेल: अलेक्झांड्रियाच्या पोलिसांचा बँड, गावाच्या नावात गफलत, इस्रायलमधल्या भलत्याच गावात एक रात्र. ‘बगदाद कॅफे’ (१९८७) दिग्दर्शक पर्सी अॅडलॉनचा, कॅलिफोर्नियाच्या मोहावी वाळवंटातला. कृपा करून त्यात इराक शोधू नका.

दोन्हींना सरसकट ‘परक्याला आपलंसं करणारी माणसं’ म्हणतात, तिथे माझं डोकं फिरतं. बँडवाल्यांचा होतो तो पाहुणचार. रात्रीपुरती मनं मोकळी होतात, सकाळी ते निघतात. सुंदरच आहे ते. पण पाहुण्याशी कुणी भांडत नाही.

‘बगदाद कॅफे’तली जास्मिन मात्र नवऱ्याशी भांडून भर रस्त्यात उतरलेली जर्मन बाई. बॅगेत चुकून नवऱ्याचे कपडे आलेले. कॅफेवाली ब्रेंडा संशयाने शेरीफलाच बोलावते. पुढे जास्मिन न विचारता तिचं ऑफिस घासूनपुसून लख्ख करते आणि ब्रेंडा खवळते. एकदा तर तोडून टाकते, स्वतःच्या मुलांशी खेळ म्हणून. जास्मिन हळूच सांगते, मला मूल नाही. ब्रेंडा वळते ती तिथून.

२०१५ च्या सिंहस्थात आमच्या पंचवटीतल्या वाड्यात एक कुटुंब रात्रभर ओटीवर टेकलं होतं. आईने पिठलं-भाकरी केली, पहाटे ते रामकुंडावर गेले ते गेलेच. अजून त्यांची आठवण निघते. पण मागच्या खोलीत भाड्याने आलेल्या काकूंनी दुसऱ्याच दिवशी आमची सामायिक मोरी न सांगता घासली, तेव्हा आईने चार दिवस अबोला धरला. आज आम्ही गावाला गेलो की घराची किल्ली त्यांच्याकडेच असते.

म्हणून मला ‘बगदाद कॅफे’च जास्त जवळचा. शेवटी म्हातारा चित्रकार रुडी लग्नाचं विचारतो, तर जास्मिन म्हणते, ब्रेंडाशी बोलून सांगते.