फळांचा हलका केक

फळांचा हलका केक : सुकी किंवा ताजी फळे घालून घरी भाजला जाणारा आणि लोणी, साखर व मैदा यांचे प्रमाण जाणूनबुजून उतरवलेला केक. ‘हलका’ हे विशेषण त्याच्या जाळीला किंवा वजनाला उद्देशून नाही, कारण हाताला तो स्पंज केकपेक्षा जडच लागतो. त्याचा रोख केकमधील मेदाकडे, त्यातही संपृक्त मेदाकडे, म्हणजे लोणी-तुपात भरपूर असणाऱ्या व कोलेस्टेरॉल वाढवणाऱ्या मेदाकडे आहे. रक्तातील एलडीएल, म्हणजे हृदयाला घातक समजले जाणारे कोलेस्टेरॉल वाढलेले असल्यामुळे ज्यांच्या ताटातून लोणी, साय आणि बेकरीचे पदार्थ बाद झालेले असतात, अशांना सणासुदीला एखादी चकती खाता यावी, हा या केकचा मूळ हेतू होय.

फळांच्या केकची इंग्रजी परंपरा जाड, काळसर आणि महिनोन्‌महिने टिकणाऱ्या केकची आहे. नाताळचा केक, वर बदाम लावलेला स्कॉटलंडमधील डंडी केक आणि ईस्टरच्या सुमारास होणारा सिमनेल केक ही तिची ठळक उदाहरणे. साखर स्वस्त होऊ लागल्यावर फळे साखरेत मुरवून टिकवणे युरोपात सर्रास सुरू झाले आणि अशी फळे केकमध्ये आली. आठ इंची गोल भांड्यातील नाताळच्या केकला साधारणपणे २२५ ग्रॅम लोणी, तेवढीच साखर, तेवढाच मैदा, चार अंडी आणि त्याच्या जोडीला पाऊण ते एक किलो सुका मेवा लागतो. यातील साखर आणि वरून पाजलेली रम किंवा ब्रँडी चवीइतकीच टिकाऊपणासाठीही असते, ही गोष्ट लक्षात ठेवावी लागते. प्रमाण उतरवले की टिकाऊपणाही उतरतो.

हलका फळकेक हा अलीकडच्या आहारतज्ज्ञांचा शोध आहे, अशी समजूत आढळते, ती खरी नाही. वेल्समध्ये ‘बारा ब्रिथ’ नावाचा एक घरगुती प्रकार आहे. वेल्श भाषेत याचा अर्थ ‘ठिपक्यांचा पाव’ असा होतो. मनुका आणि बेदाणे रात्रभर कोऱ्या गरम चहात भिजवायचे, सकाळी त्यातच पीठ, अंडे, थोडी साखर व मसाला कालवून लांबट भांड्यात भाजायचे, अशी त्याची रीत असून त्याच्या कित्येक पाककृतींत लोणी मुळीच नसते. आयर्लंडमधील ‘बार्मब्रॅक’ही याच कुळातला. लोण्याशिवाय केक मऊ राहू शकतो याचे कारण या दोन्हींत सापडते: भिजून फुगलेले फळ भाजताना आपल्यातला ओलावा हळूहळू सोडत राहते.

भारतात फळांचा केक कसा आला याविषयी केरळमधील तलश्शेरीची हकिकत प्रसिद्ध आहे. दालचिनीच्या मळ्याचे मालक मर्डॉक ब्राऊन यांनी १८८३ मध्ये इंग्लंडहून आणलेला केक तेथील बेकरीवाले मंबळ्ळी बापू यांना दाखवला आणि बापूंनी स्थानिक जिन्नस वापरून तसाच केक करून दिला, असे सांगितले जाते. पुढे अलाहाबादेत तुपाचा आणि पेठा-मुरंब्याचा केक रूढ झाला, तर कोलकात्याच्या न्यू मार्केटमधील नाहूमच्या दुकानाबाहेर डिसेंबरात रांगा लागू लागल्या. मुंबई-वसईकडील ख्रिस्ती घरांत नाताळाआधी कित्येक आठवडे बरणीत मेवा मुरत घातला जातो. लोणचे मुरवणाऱ्या माणसाला ही कल्पना वेगळी समजावून सांगावी लागत नाही. मात्र ख्रिस्तेतर मराठी घरांत ‘फ्रूट केक’ या नावाने पिढ्यान्‌पिढ्या जे खाल्ले गेले, तो इराणी हॉटेलात किंवा कोपऱ्यावरच्या बेकरीत मिळणारा, पिवळसर, लाल-हिरव्या टूटी-फ्रुटीचा तुकडा होय. टूटी-फ्रुटी म्हणजे कच्च्या पपईचे साखरेच्या पाकात शिजवून रंगवलेले बारीक तुकडे. ती नावाला फळ असली तरी व्यवहारात रंगीत साखर आहे, आणि हलका केक करणाऱ्याने पहिली काट तिच्यावर मारावी.

हृदयाच्या दृष्टीने केकमधील सर्वांत महत्त्वाचा निर्णय स्निग्ध पदार्थाचा असतो. लोण्यात सुमारे ८० टक्के स्निग्धांश असतो आणि त्यातला बराच मोठा भाग संपृक्त असतो. वर सांगितलेल्या २२५ ग्रॅम लोण्यातून सुमारे ११५ ग्रॅम संपृक्त मेद केकमध्ये जातो. रोजच्या ऊर्जेपैकी संपृक्त मेदाचा वाटा १० टक्क्यांपेक्षा कमी असावा, अशी जागतिक आरोग्य संघटनेची शिफारस आहे; दोन हजार कॅलरींच्या आहारात हे प्रमाण साधारण २२ ग्रॅम भरते. वनस्पती तूप, म्हणजे घरगुती भाषेतला ‘डालडा’, आणि बेकरीतील मार्गारीन यांत संपृक्त मेदाबरोबर ट्रान्स मेदही, म्हणजे तेल कृत्रिमरीत्या घट्ट करताना तयार होणारा आणि हृदयाला अपायकारक असलेला मेदही असे. भारतीय अन्न सुरक्षा व मानके प्राधिकरणाने जानेवारी २०२२ पासून तेल-तुपांतील औद्योगिक ट्रान्स मेदाची मर्यादा २ टक्क्यांवर आणली. तरी घरच्या केकमध्ये ही जोखीम घेण्याचे कारणच उरत नाही, कारण तेथे द्रवरूप तेल उत्तम चालते. करडई, सूर्यफूल, शेंगदाणा यांपैकी कोणतेही तेल चालेल. करडईच्या तेलात संपृक्त मेदाचे प्रमाण फारच कमी असते आणि महाराष्ट्राच्या कोरडवाहू रब्बीत करडई पूर्वापार पिकते, हे जमून आलेले आहे. घाण्याच्या शेंगदाणा तेलाचा वास मात्र केकमध्ये उरतो व जायफळाला दाबून टाकतो, म्हणून रिफाइंड तेल बरे. खोबरेल तेल ‘नैसर्गिक’ म्हणून सुचवले जाते, पण त्यातील मेद ८० टक्क्यांहून अधिक संपृक्त असतो. लोणी काढून खोबरेल घालणे म्हणजे आगीतून फुफाट्यात जाणे होय.

लोणी काढले की त्याची कामे दुसऱ्या कोणाकडे तरी सोपवावी लागतात. साखरेबरोबर फेटलेले लोणी हवेचे बारीक बुडबुडे धरून ठेवते. शिवाय ते पिठाच्या कणांवर थर धरते आणि ग्लुटेनचे, म्हणजे गव्हातील चिवट प्रथिनाचे, लांब धागे होऊ देत नाही, म्हणून केक खुसखुशीत तुटतो. तेलात हवा कोंडता येत नाही, त्यामुळे फुगण्याचा भार अंडी, बेकिंग पावडर आणि दही-सोड्याच्या जोडीवर येतो. स्निग्धांश अगदीच काढून त्याजागी सफरचंदाचा किंवा केळ्याचा गर घालण्याची पद्धतही आहे. गरातील पेक्टिन हा विरघळणारा तंतू पाणी धरून ठेवतो खरा, पण ग्लुटेनला आवर घालणे त्याला जमत नाही, आणि असा शून्य तेलाचा केक दुसऱ्या दिवशी रबरासारखा ताणला जातो. निम्मे काम गराला आणि निम्मे तेलाला देणे हा व्यवहार्य मार्ग आहे. असंपृक्त तेल हा हृदयाचा शत्रू नाही, त्यामुळे ते पार हद्दपार करण्याच्या हट्टाने चव जाते आणि पदरात काही पडत नाही.

गोडीसाठी बिया काढलेल्या मऊ खजुराचा लगदा साखरेची जागा घेऊ शकतो. खजूर गरम पाण्यात अर्धा तास भिजवून त्याच पाण्यासह वाटला की गोडी, ओलावा आणि गडद रंग तिन्ही साधतात. मात्र ‘बिनसाखरेचा केक’ हा शब्दप्रयोग येथे जपून वापरला पाहिजे. वाळवलेल्या फळांत पाणी उडून गेलेले असते आणि मनुका-बेदाण्यांच्या वजनात साठ टक्क्यांच्या आसपास साखरच असते. या साखरेबरोबर तंतू व खनिजे येतात, म्हणून ती पिठीसाखरेपेक्षा बरी. पण मधुमेही माणसाने या नावावर विसंबून दोन चकत्या जास्त घेऊ नयेत. गूळ किंवा मध घातल्यानेही हिशेबात फारसा फरक पडत नाही.

मैद्याऐवजी कणीक वापरताना सहसा जी तक्रार येते, ती केक कोरडा व भुसभुशीत होतो ही. गिरणीवरच्या जात्यात दळताना गव्हातील स्टार्चचे कण दुखावतात आणि असे पीठ मैद्यापेक्षा बरेच जास्त पाणी पिते, म्हणूनच त्याच्या पोळ्या मऊ होतात. केकमध्ये हेच पाणी आधी द्यावे लागते. मिश्रण कालवल्यावर दहा मिनिटे तसेच ठेवले की कोंडा भिजतो आणि पीठ किती पाणी मागते ते कळते. काहीजण कणकेत ओट्सची पूड मिसळतात. ओट्समधील बीटा-ग्लुकन हा विरघळणारा तंतू दररोज ३ ग्रॅम पोटात गेल्यास एलडीएल कोलेस्टेरॉल उतरण्यास मदत होते, हे मान्य झालेले आहे. पण ५० ग्रॅम ओट्समध्ये तो जेमतेम दोन ग्रॅम असतो आणि तेवढे ओट्स आख्ख्या केकमध्ये विभागले जातात, तेव्हा एका चकतीच्या वाट्याला काय येते ते उघड आहे. या केकचा हृदयाला होणारा फायदा त्यात काय घातले यापेक्षा त्यातून काय काढले यात आहे. ओट्स चवीसाठी व मऊपणासाठी घालावेत. औषध म्हणून त्यांची जाहिरात करू नये. अंड्यांबाबत उलट दिशेची अतिशयोक्ती होते. दोन अंड्यांतील कोलेस्टेरॉल वीस चकत्यांत वाटले तर प्रत्येकीत सुमारे २० मिलिग्रॅम येते, त्यामुळे बलक फेकून देण्याची गरज नाही.

सुमारे एक किलोच्या केकला पुढील प्रमाण पुरते. मनुका, बेदाणे, अंजीर व जर्दाळू मिळून २०० ग्रॅम फळे बारीक चिरून १५० मिलिलिटर संत्र्याच्या रसात रात्रभर भिजवावीत. १५० ग्रॅम खजूर अर्धी वाटी गरम पाण्यात भिजवून वाटावा. त्यात ६० मिलिलिटर तेल, १२० ग्रॅम ताजे दही, दोन अंडी आणि एका संत्र्याची किसलेली साल घालून चांगले फेटावे. किसताना फक्त केशरी थर घ्यावा, कारण खालचा पांढरा पापुद्रा कडू असतो. नागपुरी संत्र्याची साल सैल असल्यामुळे फळ सोलण्याआधीच ती किसलेली बरी. १५० ग्रॅम कणीक, ५० ग्रॅम ओट्सची पूड, दीड लहान चमचा बेकिंग पावडर, पाव चमचा खायचा सोडा आणि दालचिनी, जायफळ, लवंग, सुंठ यांची मिळून एक चमचा पूड दोनदा चाळून घ्यावी. चाळणीत राहिलेला कोंडा फेकू नये, पुन्हा पिठात मिसळावा. कोरडे आणि ओले एकत्र केल्यावर फेटणी बाजूला ठेवून उलथन्याने हलक्या हाताने, पीठ दिसेनासे होईपर्यंतच कालवावे. शेवटी फळे आणि ४० ग्रॅम अक्रोडाचे तुकडे घालावेत. फळे तळाशी बसू नयेत म्हणून त्यांना पीठ चोळतात, पण मिश्रण पातळ असेल तर या उपायाचा काही उपयोग होत नाही. ते इडलीच्या पिठापेक्षा घट्ट हवे. चमचा तिरका केला की क्षणभर थांबून ‘थप्पकन’ पडेल असे.

ओव्हन १६५ अंश सेल्सियसला तापवून केक ५० ते ६० मिनिटे भाजावा. इंग्रजी केक दीडशेच्या आत-बाहेर दोन-तीन तास भाजतात, तितका वेळ येथे दिला तर कडा चिवट होतात. खजुरामुळे वरची बाजू पाऊण तासातच गडद तपकिरी होते आणि केक झाला असा भास होतो. अशा वेळी वर कागद झाकून भाजणे चालू ठेवावे. मधोमध विणकामाची सुई खुपसून पाहावी. तिला कच्चे पीठ लागता कामा नये, पण एखाद्या मनुकेचा चिकट डाग लागला म्हणून घाबरू नये; सुई जरा बाजूला पुन्हा खुपसावी. ओव्हन नसेल तर जाड बुडाच्या कुकरची शिट्टी आणि रिंग काढून, तळाला मिठाचा थर पसरून, त्यावर जाळी ठेवून मंद आचेवर सव्वा तासात हाच केक होतो, वर रंग मात्र कमी चढतो. झाकणाला काचेची गोल खिडकी असलेला जुना ॲल्युमिनियमचा विजेचा ओव्हन अजून काही घरांच्या माळ्यावर आहे. त्यात तापमान दिसत नाही, पण या केकला तो चांगला मानवतो.

या प्रमाणात पन्नास ग्रॅमच्या वीस चकत्या निघतात. जिन्नसांवरून हिशेब केला तर एका चकतीत साधारण १४० कॅलरी, ५ ग्रॅम मेद आणि त्यात संपृक्त मेद एक ग्रॅमच्या आत येतो. साखर अकरा-बारा ग्रॅम असते आणि ती बहुतेक सगळी फळांची. समभाग लोणी-साखर-मैद्याच्या तेवढ्याच केकमध्ये संपृक्त मेद चकतीमागे पाच-सहा ग्रॅमपर्यंत जातो. मीठ वेगळे घालावे लागत नाही, कारण बेकिंग पावडर आणि सोडा यांतून सोडियम आलेलेच असते. टेबल बटर वापरणाऱ्यांच्या केकमध्ये लोण्याचे मीठही त्यात भर घालते.

भाजल्यानंतर केक पूर्ण थंड होऊ द्यावा आणि पातळ कापडात गुंडाळून एक रात्र ठेवावा. फळांतील ओलावा तोवर सर्वत्र सारखा पसरतो आणि चकत्या न तुटता पडतात. रम आणि साखरेचे संरक्षण नसल्यामुळे हा केक बाहेर दोन-तीन दिवस, फ्रिजमध्ये आठवडाभर राहतो. मुंबई-कोकणच्या पावसाळ्यात दुसऱ्याच दिवशी त्याला बुरशी दिसू शकते, तेव्हा त्या दिवसांत तो बाहेर ठेवूच नये. जास्त दिवस हवा असल्यास चकत्या कापून, मध्ये बटर पेपरचे तुकडे घालून डब्यात भरून फ्रीझरमध्ये ठेवाव्यात, म्हणजे लागेल तेवढी एकच काढता येते. ती तव्यावर तेल न घालता मंद आचेवर गरम केली, तर अक्रोडाचा वास पुन्हा पहिल्यासारखा येतो.