त्रोमलँ बेट

हिंदी महासागराच्या नैर्ऋत्य भागातील प्रवाळवाळूचे बेट. मादागास्करच्या पूर्वेस सु. ४५० किमी., रेयुन्यों बेटाच्या उत्तरेस सु. ५३५ किमी. क्षेत्रफळ सु. १ चौ. किमी.; सर्वांत उंच भाग जेमतेम ७ मी. मधोमध खारकच्छ (प्रवाळभिंतीने वेढलेले उथळ खारे पाणी) नसल्याने काटेकोर अर्थाने हे कंकणद्वीप (कड्यासारखे प्रवाळबेट) नव्हे. खुरट्या झुडपांखेरीज वनस्पती नाही. हिरवी समुद्रकासवे येथे अंडी घालतात, बूबी हे समुद्रपक्षी वीण घालतात. कायम वस्ती नाही. १९५४ पासून हवामान केंद्र आहे.

बेटाची पहिली नोंद १७२२ मधील, एका फ्रेंच जहाजाची मानली जाते. ३१ जुलै १७६१ रोजी ‘यूतील’ हे जहाज येथील खडकांवर फुटले. त्यात चोरून नेले जाणारे मालागासी (मादागास्करचे) गुलाम होते; तळघराची दारे बंद असल्याने त्यांतील अनेक बुडाले. खलाशांनी फुटक्या लाकडांची नाव बांधली आणि सप्टेंबरअखेर ते निघून गेले. ‘परत येऊ’ असे सांगून मागे ठेवलेल्या मालागासींची संख्या ६० ते ८० दिली जाते. १५ वर्षांनी, नोव्हेंबर १७७६ मध्ये, कप्तान त्रोमलँ यांनी सात स्त्रिया व आठ महिन्यांचे एक मूल यांची सुटका केली. बेटाचे आजचे नाव त्यांच्यावरून पडले.

मागे राहिलेल्यांचा स्वतःचा लेखी शब्द उरलेला नाही. त्यामुळे २००६ ते २०१३ दरम्यानच्या उत्खननांना विशेष मोल आहे. प्रवाळदगडाच्या जाड भिंतींची घरे सापडली. मादागास्करात तेव्हा दगडी बांधकाम थडग्यांपुरतेच होत असे. वादळांपुढे ही रूढी मोडावी लागली, असे उत्खननकर्त्यांचे मत असून ते पटण्याजोगे आहे. तांब्याच्या भांड्यांना रिव्हेट मारून ठिगळे लावलेली आहेत, काहींना पुन्हा पुन्हा.

बेटाचा ताबा फ्रान्सकडे असून मॉरिशसचाही दावा आहे. वादाचे मूळ १८१४ च्या पॅरिस तहातील आठव्या कलमात आहे. फ्रान्सने मॉरिशस व त्याची उपांगे (त्याच्या अखत्यारीतील बेटे) ब्रिटनला देताना त्यांत रॉड्रिग्ज व सेशेल्स या बेटांची नावे घातली आहेत. त्यांच्या आधीचा फ्रेंच शब्द ‘नावानिशी’ अशा अर्थाचा, तर इंग्रजी प्रतीतील ‘विशेषतः’ अशा अर्थाचा आहे. पहिला अर्थ घेतल्यास यादी तेवढ्यावरच संपते व त्रोमलँ तिच्याबाहेर राहते; दुसरा घेतल्यास ती केवळ उदाहरणादाखल ठरते व त्रोमलँही तीत येऊ शकते. त्रोमलँचे नाव कोठेच नसल्याने एका शब्दावर निकाल लावणे कठीण. नंतरच्या प्रत्यक्ष वहिवाटीलाच अधिक वजन द्यावे लागेल. बेटाच्या मालकीबरोबर हक्क मिळणारे भोवतालचे सागरी क्षेत्र सु. २,८०,००० चौ. किमी. भरते. संयुक्त व्यवस्थापनाचा २०१० चा करार फ्रेंच संसदेत मंजूर झाला नाही.