रेड हॉर्सची साक्ष आणि रिकाम्या पुंगळ्या

२५ जून १८७६. मोंटानातल्या लिटल बिगहॉर्न नदीकाठी मूळ अमेरिकी लाकोटांच्या मिनिकोंजू गटातला रेड हॉर्स चार बायकांसोबत छावणीबाहेर रानातले कंद खणत होता. त्यांतल्या एकीने लांबवर उठलेली धूळ दाखवली. कस्टरच्या हाताखालचं अमेरिकेचं सातवं घोडदळ चालून आल्याचं त्याला कळलं ते असं.

१८८१ मध्ये त्याने ही हकीकत चार्ल्स मॅकचेस्नी या लष्करी डॉक्टरला हातवाऱ्यांच्या भाषेत सांगितली, आणि रंगीत पेन्सिलींनी चाळीसहून अधिक चित्रं काढून दिली. एका चित्रात माणूसच नाही, नुसते घोडदळाचे मेलेले घोडे. कस्टरचे सैनिक भेदरले, कित्येकांनी बंदुका टाकून हात वर केले, असं तो सांगत होता. पण कस्टरसह दोनशेच्या वर सैनिक मेले त्या रणभूमीवर गोऱ्या वाचकांना शेवटच्या गोळीपर्यंत लढलेले वीर हवे होते. लाकोटांच्या साक्षी एकमेकींशी जुळत नाहीत, म्हणून बाजूला सारल्या गेल्या. जुळतील कशा? धुरात आणि धुळीत जो तो आपल्यापुरतं पाहिलेलंच सांगत होता. मला तर हा प्रामाणिकपणा वाटतो.

१९८३ मध्ये वणव्याने रणभूमीवरचं गवत जळालं. पुढच्या वर्षी डग्लस स्कॉट आणि रिचर्ड फॉक्स हे पुरातत्त्वज्ञ मेटल डिटेक्टर घेऊन उतरले. सापडलेल्या प्रत्येक वस्तूची जागा नकाशावर नोंदली गेली.

खरी गंमत काडतुसांच्या रिकाम्या पुंगळ्यांत होती. गोळी उडते तेव्हा फायरिंग पिन पुंगळीच्या बुडावर खूण उमटवते आणि प्रत्येक बंदुकीची खूण निराळी असते. पोलिसांची बॅलिस्टिक प्रयोगशाळा हेच तपासते. सारखी खूण असलेल्या पुंगळ्या दोन ठिकाणी मिळाल्या, की ती बंदूक कुठून कुठे गेली ते कळतं. सैनिकांकडे एकबारी स्प्रिंगफिल्ड कार्बाइन होत्या. योद्ध्यांकडे धनुष्यबाणांबरोबर भराभर झडणाऱ्या हेन्री आणि विंचेस्टर रायफलीही होत्या.

रणभूमीवरच्या कॅल्हून टेकडीवर सैनिकांच्या पुंगळ्या ठरावीक अंतराने पडलेल्या होत्या, म्हणजे तिथे रांग टिकली होती. पुढे मात्र त्या थोड्याच आणि घोळक्याने सापडल्या. रांग मोडली, माणसं एकमेकांना बिलगली आणि पळापळ झाली, असा निष्कर्ष फॉक्सने काढला. रेड हॉर्सने शंभर वर्षांपूर्वी हातवाऱ्यांनी सांगितलं होतं, त्याच्याशी हे बरंचसं जुळतं.

लाकोटा आणि त्यांच्या बाजूने लढलेल्या शायेन योद्ध्यांच्या काही बंदुकांच्या पुंगळ्या कॅल्हूनपासून कस्टर पडला त्या टेकडीपर्यंत मिळाल्या. त्या बंदुका कोणाच्या हातात होत्या, ते पुंगळी सांगत नाही.