डिक्सन, अ‍ॅडेल
डिक्सन, अ‍ॅडेल : (३ जून १९०८ – ११ एप्रिल १९९२). ब्रिटिश अभिनेत्री व गायिका. जन्म लंडनचा. तिची सारी उमेद रंगभूमीवर गेली, पण आज तिचे नाव निघते ते दूरचित्रवाणीवरच्या एका गाण्यामुळे.

१९२९ मध्ये लंडनच्या ओल्ड व्हिक नाट्यगृहात अभिनेता जॉन गिलगुडच्या रोमिओसमोर ती ज्यूलिएट झाली. पुढे ती गाण्याबजावण्याच्या नाटकांकडे वळली. १९३५ मध्ये लंडनला आलेल्या ‘एनिथिंग गोज’ या संगीतिकेत तिची भूमिका होती.

२ नोव्हेंबर १९३६ रोजी लंडनच्या अलेक्झांड्रा पॅलेस या इमारतीतून बीबीसीची नियमित दूरचित्रवाणी सेवा सुरू झाली. भाषणे आटोपल्यावर मनोरंजनाचा कार्यक्रम झाला, त्यात डिक्सनने या प्रसंगासाठीच रचलेले ‘टेलिव्हिजन’ हे गीत म्हटले. साथीला हायम ग्रीनबॉमचा वाद्यवृंद होता. गीतात हवेतून येणाऱ्या जादुई किरणांचे कौतुक आहे. प्रत्यक्षात ते किरण पाहणारे संच लंडन परिसरात काही शेकडोच असावेत.

त्या दिवशी कार्यक्रम दोनदा करावा लागला. बेअर्ड आणि मार्कोनी-ईएमआय या दोन कंपन्यांच्या प्रतिस्पर्धी प्रक्षेपण यंत्रणांपैकी आधी कोण, हे नाणे उडवून ठरले आणि बेअर्डचा कौल लागला. बेअर्डचा कॅमेरा जागचा हलत नसे. तो गायिकेला आधी फिल्मवर टिपायचा. ती फिल्म तिथल्या तिथे रसायनात धुवून, ओली असतानाच, तिच्यावरून चित्र प्रक्षेपित होई. त्यामुळे डिक्सनचा सूर प्रेक्षकांपर्यंत पोहोचायला जवळजवळ मिनिट लागत होते. नंतर मार्कोनी-ईएमआयच्या ४०५ रेषांच्या (म्हणजे चित्र तितक्या आडव्या रेषांत विभागणाऱ्या) यंत्रणेवर सारे पुन्हा झाले. बेअर्डची पद्धत १९३७ च्या आरंभी बंद पडली.

डिक्सनला ‘दूरचित्रवाणीवरची पहिली गायिका’ म्हणण्याचा मोह होतो, पण ते बरोबर नाही. ऑगस्ट १९३६ मध्ये लंडनच्या रेडिओलिंपिया या रेडिओ-प्रदर्शनासाठी झालेल्या प्रायोगिक प्रक्षेपणात गायिका हेलन मॅके गायली होती. डिक्सनचा मान उद्‍घाटनाचा.

पडद्यावर तिची पुढची वाटचाल किरकोळच. १९३७ मध्ये ती न्यूयॉर्कच्या ब्रॉडवे रंगभूमीवर ‘बिट्वीन द डेव्हिल’ या संगीतिकेत जॅक ब्युकॅनन आणि एव्हलिन ले या ब्रिटिश कलाकारांसोबत उभी राहिली. नंतरच्या काळात तिने पँटोमाइममध्ये ‘प्रिन्सिपल बॉय’ रंगवला. या नाताळी नाटकांत नायकाचे काम बाईने करायचे, अशी इंग्रजी रीत आहे.

उद्‍घाटनाचे मूळ प्रक्षेपण जतन झालेले नाही. आज पाहायला मिळते ते ‘टेलिव्हिजन कम्स टू लंडन’ या माहितीपटासाठी वेगळे चित्रित केलेले डिक्सनचे गाणे.