हज्जान

यहुदी प्रार्थनामंदिरात, म्हणजे सिनेगॉगमध्ये, जमलेल्या मंडळींच्या वतीने प्रार्थना गाणारी व्यक्ती. इंग्रजीत तिला कँटर म्हणतात. हिब्रूत या पदाला आणखी एक नाव आहे, ‘श्लिआख त्सिबूर’, म्हणजे लोकांनी पाठवलेला दूत, आणि हज्जानाचे सगळे काम या नावात आले. राब्बाय शास्त्र सांगतो, निवाडा देतो. हज्जान लोकांचे गाऱ्हाणे सुरात घालून देवापुढे मांडतो. त्याच्याकडे नुसता गवई म्हणून पाहिले तर या पदातले निम्मे हाताला लागतच नाही.

मिश्ना या प्राचीन संहितेत हज्जान हा सिनेगॉगची देखभाल करणारा सेवक आहे. तोरा या धर्मग्रंथाची गुंडाळी काढून देणे, मुलांच्या वाचनावर लक्ष ठेवणे ही त्याची कामे. पुढे प्रार्थना वाढल्या, त्यांत नवी काव्ये आली. छपाई नव्हती, सगळ्यांना सगळे पाठ असणे शक्य नव्हते. मग ज्याला पाठ आहे त्याने म्हणायचे आणि बाकीच्यांनी ‘आमेन’ म्हणून ते आपलेसे करायचे, अशी रीत पडली आणि मध्ययुगात हज्जान हा प्रार्थनेचा आवाज झाला.

या माणसाची निवड कशी करावी याचे नियम फार हृद्य आहेत. पाऊस पडला नाही की सगळ्या गावाने उपास धरायचा. त्या दिवशी प्रार्थनेला कोणाला उभे करावे? मिश्ना सांगते: जाणत्या वयाच्या, प्रार्थनेत मुरलेल्या, पदरी मुले असलेल्या आणि घर रिकामे असलेल्या माणसाला. ज्याच्या घरात दाणा नाही तो पाऊस मनापासून मागेल. सोळाव्या शतकातील ‘शुल्हान आरूख’ या आचारग्रंथात गोड आवाज हा गुण मानला आहे, पण आपला आवाज लोकांनी ऐकावा म्हणून प्रार्थना लांबवणाऱ्याला दोष दिला आहे. त्याच ग्रंथानुसार मंडळीतला एकटा माणूससुद्धा ‘हा हज्जान मला नको’ म्हणू शकतो. ज्याच्याशी कोणाचे वाकडे आहे त्याने सगळ्यांच्या वतीने कसे बोलावे, हा त्यामागचा विचार. नंतरच्या पंडितांनी या अधिकाराला बऱ्याच मर्यादा घातल्या, तरी मूळ भावना पुसली गेली नाही.

वर्षारंभ आणि योम किप्पूर (प्रायश्चित्ताचा दिवस) या पर्वांना अश्केनाझी, म्हणजे मध्य व पूर्व युरोपीय परंपरेत, हज्जान ‘हिन्नेनी’ ही प्रार्थना म्हणतो. पुष्कळ ठिकाणी तो ती मंदिराच्या मागच्या बाजूने हळूहळू पुढे येत म्हणतो. ‘मी हा इथे उभा आहे, पुण्याने दरिद्री’ अशी सुरुवात; माझ्या पापांचा ठपका या लोकांवर ठेवू नकोस, अशी विनवणी. योम किप्पूरच्या संध्याकाळी ‘कोल निद्रे’ हे नवसांतून मोकळे होण्याचे वचन तीनदा म्हणतात. पहिल्यांदा आवाज दबकत आत शिरल्यासारखा, दुसऱ्यांदा थोडा मोकळा, तिसऱ्यांदा पूर्ण.

सनातनी सिनेगॉगमध्ये शब्बाथला, म्हणजे शनिवारच्या विश्रांतिदिनी, वाद्य वाजत नाही. जे उभे करायचे ते गळ्यानेच. कोणत्या दिवशी, कोणत्या वेळच्या प्रार्थनेला कोणती स्वररचना, हे ठरलेले असते. त्याला ‘नुसाख’ म्हणतात. चौकट ठरलेली, पण तिच्यात विस्तार करायची मोकळीक असते. रागसमयाची सवय असलेल्या कानाला हे सांगावे लागत नाही. ‘अहावा राब्बा’ या प्रमुख स्वररचनेत ऋषभ, धैवत, निषाद कोमल आणि गंधार शुद्ध असतो. पूर्वांगात भैरव आणि उत्तरांगात भैरवी, म्हणजे आपल्याकडच्या वसंत मुखारीचेच स्वर. दोन्हींचा वंश एक नाही, चलनही वेगळे. पण पहिल्यांदा ऐकताना मराठी श्रोता चमकतो तो या स्वरांमुळे.

हज्जानाच्या गायनाला आधुनिक रूप दिले सालोमोन झुल्त्सर (१८०४–१८९०) यांनी. व्हिएन्नाच्या १८२६ मध्ये उघडलेल्या सिनेगॉगमध्ये त्यांनी जुन्या चाली शुद्ध करून समूहगायनात बसवल्या आणि ‘शीर त्सियोन’ या संग्रहात छापल्या. त्यांच्यासाठी संगीतकार शूबर्टने १८२८ मध्ये बायबलातले ९२ वे स्तोत्र मूळ हिब्रू शब्दांवर रचले. १८४८ च्या मार्चमध्ये व्हिएन्नात क्रांतीच्या पहिल्या दिवशी गोळीबारात मेलेल्या ख्रिस्ती आणि यहुदी माणसांना एकत्र पुरले, तेव्हा धर्मोपदेशक मानहाइमर यांच्याबरोबर झुल्त्सरही त्या कबरीपाशी होते.

ध्वनिमुद्रिका आल्या आणि हज्जानांची कीर्ती समुद्रापार गेली. योसेले रोझेनब्लाट (१८८२–१९३३) यांना १९१८ मध्ये शिकागोच्या ऑपेराने एका प्रयोगाला हजार डॉलर देऊ केले होते. हज्जानाला ते शोभणार नाही म्हणून त्यांनी नकार दिला. पुढे कर्जात बुडाल्यावर त्यांनी नाटकगृहांत गाऊन देणी फेडायची धडपड केली, पण शब्बाथ मोडला नाही. वॉर्साच्या थोर सिनेगॉगमध्ये गाजलेले गेर्शोन सिरोता १९४३ मध्ये वॉर्साच्या घेट्टोत, म्हणजे यहुद्यांना कोंडलेल्या वस्तीत, कुटुंबासह मारले गेले. त्याच वर्षी मे महिन्यात नाझींनी ते सिनेगॉग सुरुंग लावून उडवले. पूर्व युरोपातल्या किती हज्जानांचे गाणे कुठेच मुद्रित न होता त्या काळात गेले, हा विचार सिरोतांच्या खरखरत्या तबकड्या ऐकताना सुटत नाही.

हज्जानाच्या तोंडी दिवसातून अनेकदा येणारा शब्द म्हणजे ‘शालोम’, शांती. कद्दिश ही प्रार्थना ‘ओसे शालोम’ या ओळीने संपते: जो आपल्या उंच स्थानी शांती करतो तो आमच्यावर शांती करो. ही ओळ म्हणताना तीन पावले मागे यायचे, मग डावीकडे, उजवीकडे आणि समोर झुकायचे. सुधारक पंथाच्या अनेक मंडळ्यांनी या ओळीत ‘आणि जगात राहणाऱ्या सर्वांवर’ असे शब्द जोडले आहेत.

हा शब्द एका हज्जानाने सिनेगॉगबाहेर कसा चालवला, याचे उदाहरण अमेरिकेतल्या नेब्रास्का राज्यातले आहे. लिंकन शहरातल्या सिनेगॉगचे हज्जान मायकेल वाइसर १९९१ च्या जूनमध्ये पत्नी ज्यूली आणि मुलांसह नव्या घरात आले. सामान लावणे चालू होते तोच फोनवर शिवी आणि धमकी आली. मागोमाग टपालाने द्वेषाच्या पत्रकांचे पाकीट आले. पाठवणारा लॅरी ट्रॅप, कू क्लक्स क्लॅन या गोऱ्या वर्णद्वेष्ट्या संघटनेचा त्या राज्यातला म्होरक्या. मधुमेहाने त्याचे दोन्ही पाय गेले होते, दृष्टी जात चालली होती आणि तो चाकाच्या खुर्चीत एकटा राहत असे. वाइसर त्याच्या फोनच्या निरोपयंत्रावर निरोप ठेवू लागले. या द्वेषाचा हिशेब कधीतरी द्यावा लागेल, असे बजावत. आणि जगात प्रेम भरपूर आहे, तुला नको का, असे विचारतही. एकदा ट्रॅपने स्वतःच चिडून फोन उचलला, तेव्हा वाइसर म्हणाले, तुम्ही खुर्चीत असता, वाणसामान आणायला गाडीने नेऊ का? नोव्हेंबरमध्ये ट्रॅपचा फोन आला: मला यातून बाहेर पडायचे आहे. नवराबायको जेवण घेऊन त्याच्याकडे गेले. त्याने बोटांतल्या स्वस्तिकाच्या अंगठ्या काढून दिल्या आणि रडला. पुढे तो त्यांच्याच घरी राहिला. परिचारिकेचे काम केलेल्या ज्यूलीबाईंनी त्याची शुश्रूषा केली. ५ जून १९९२ रोजी त्याने यहुदी धर्म स्वीकारला, तोही जे सिनेगॉग उडवून द्यायचा त्याने कधी बेत केला होता तिथेच. त्याच सप्टेंबरमध्ये त्याचे निधन झाले. पलीकडून उत्तर येईल की नाही हे ठाऊक नसताना बोलत राहणे हा हज्जानाचा रोजचाच सराव, आणि वाइसर यांच्या हाताशी तेवढेच होते.

सनातनी पंथात हे पद पुरुषांकडेच राहिले आहे. सुधारक पंथाने १९७५ मध्ये बार्बरा ऑस्टफेल्ड यांना रीतसर दीक्षा दिली आणि तिथे स्त्रियांची वाट मोकळी झाली.

महाराष्ट्रात हज्जान हा शब्द बेने इस्रायल या मराठी बोलणाऱ्या यहुदी समाजात घरचाच आहे. सामाजी हसाजी दिवेकर यांनी १७९६ मध्ये मुंबईत पहिले सिनेगॉग बांधले. समाज त्याला ‘जुनी मशीद’ म्हणतो, आणि मस्जिद स्टेशनचे नाव त्यावरूनच पडले असे सांगतात. एकोणिसाव्या शतकात कोचीनहून आलेल्या हज्जानांनी इथल्या मंडळींना हिब्रू प्रार्थना आणि चाली शिकवल्या. कोकणातल्या छोट्या गावांत हज्जानाला प्रार्थनेखेरीज शास्त्रोक्त कोंबडी-बकरे कापणे, मुलांची सुंता करणे अशी कामेही पडत. प्रार्थना हिब्रूत, बोलणे मराठीत. १८८० च्या सुमारास समाजाने मराठी कीर्तनेही सुरू केली आणि योसेफ, मोशे यांची आख्याने साकी-दिंडीत रंगू लागली. मलिदा या आभाराच्या विधीत भिजवलेले पोहे, ओले खोबरे, साखर आणि फळे यांचे तबक मधे ठेवतात आणि ‘एलियाहू हन्नाबी’ (प्रेषित एलिया) हे गीत सगळे मिळून म्हणतात.

१९४८ नंतर बहुतेक कुटुंबे इस्रायलला गेली. कोकणातल्या पुष्कळ सिनेगॉगांत आता नेमलेला हज्जान नाही. ज्याला प्रार्थना येते तो पुढे होतो, आणि शास्त्राची त्याला पूर्ण मुभा आहे. मात्र कद्दिशसाठी दहा जण लागतात, म्हणून सणाच्या दिवशी मुंबईहून अलिबाग-रेवदंड्याकडे माणसे येण्याची वाट पाहिली जाते.