असेसमेंट सेंटर

नाव ऐकून वाटतं कुठलीतरी बिल्डिंग असेल, पण ही जागा नाही, पद्धत आहे. मॅनेजर वरच्या पोस्टसाठी तयार झालाय का हे बघायला त्याला दीड-दोन दिवस त्या वरच्या खुर्चीतलं काम लुटुपुटुचं करायला लावतात आणि तीन-चार असेसर बाजूला बसून नोंदी घेतात. अप्रेझलमध्ये दिसतं ते आत्ताचं काम, पुढचं झेपेल का ते नाही, आणि दर महिन्याला टार्गेट पूर्ण करणारा सेल्सवाला टीम हातात आली की गडबडतो हे कुठल्याही ऑफिसात बघायला मिळतं.

मूळ लष्करातलं. ब्रिटिश आर्मीने १९४२ मध्ये अधिकारी निवडायला असे बोर्ड सुरू केले, आपली एसएसबी, म्हणजे सैन्यातले अधिकारी निवडणारं बोर्ड, त्याच घराण्यातली. कंपन्यांत हे आणलं मानसशास्त्रज्ञ डग्लस ब्रे यांनी, १९५६ मध्ये, अमेरिकेच्या एटी अँड टी या टेलिफोन कंपनीत. त्यांनी ४२२ जण तपासले आणि गंमत म्हणजे कोणाला किती मार्क ते कंपनीला सांगितलंच नाही, नाहीतर शेरा चांगला म्हणूनच बढती मिळाली असती आणि अंदाज आपोआप खरा ठरला असता. काही वर्षांनी बघितलं तर 'हा वर जाईल' म्हटलेले खरंच बाकीच्यांपेक्षा जास्त वर गेले होते.

सगळ्यात बोलका प्रकार इन-बास्केट. तासभर वेळ, समोर वीस-पंचवीस मेल, साहेब फ्लाइटमध्ये. चौथ्या मेलमध्ये कस्टमरची तक्रार असते आणि सतराव्यात कळतं की तो माल पाठवणारा सुपरवायझर उद्यापासून रजेवर आहे. एकजण वरून सुरू करून प्रत्येक मेलला स्वतः छान उत्तर देत बसतो, वेळ संपतो तेव्हा नववा चालू असतो. दुसरा आधी सगळं चाळतो, तीन स्वतःकडे ठेवतो, बाकी कोणी कधीपर्यंत करायचं ते लिहून वाटून टाकतो. पहिला आत्ताच्या पोस्टवर हिरा असू शकतो हं.

नंतर असेसर एकत्र बसून मार्कांवर भांडतात, त्याला वॉश-अप म्हणतात. ग्रुप डिस्कशनमध्ये जास्त बोलणारा इथे भाव खाऊन जातो, म्हणून 'स्मार्ट वाटला' चालत नाही, काय बोलला ते वहीतून वाचून दाखवावं लागतं. तरी दोन दिवस चमकणारे असतातच आणि खर्चही बराच, त्यामुळे बऱ्याच कंपन्या जोडीला साहेबांच्या रजेत चार्ज देऊन बघतात. निकाल सहसा पास-नापास नसतो, 'आत्ता तयार', 'एक-दोन वर्षांनी' असा असतो.